वल्ह्याचा आवाज

होडीच्या काठाला दोराचा फास, त्यात अडकवलेलं वल्हं, आणि नावाडी ओढ घेईल तसा ओल्या दोरावर लाकूड घासून निघणारा आवाज. करकर म्हणावी तर तिच्याहून लांब, कण्हणं म्हणावं तर त्याच्याहून कोरडा. मी तो पहिल्यांदा ऐकला तो काशीत नव्हे, पुण्यात, एका फिल्म सोसायटीच्या खेळाला. पडद्यावर धुकं होतं, नदी होती, होडी लांब कुठेतरी होती. आवाज मात्र इतका जवळ होता की शेजारच्या गृहस्थांनी वाकून आपल्या खुर्चीकडे पाहिलं.

चित्रपट होता रॉबर्ट गार्डनर यांचा ‘फॉरेस्ट ऑफ ब्लिस’. १९८६ सालचा, ९० मिनिटांचा माहितीपट; काशीतली एक पहाट ते दुसरी पहाट. नावाचा अर्थ आपल्याला वेगळा सांगावा लागत नाही. काशीचं जुनं नाव आनंदवन, आनंदकानन. समर्थांच्या ‘आनंदवनभुवनी’तलं आनंदवन तेच.

त्या ९० मिनिटांत कुणीही काहीही समजावून सांगत नाही. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. माणसं आपापल्या हिंदी-भोजपुरीत बोलतात, भांडतात, गातात, आणि खाली इंग्रजी ओळी येत नाहीत. ऐकू येतात ती कुत्री, घंटा, पायऱ्यांवरची अनवाणी पावलं, लाकडं फोडणाऱ्या कुऱ्हाडी, पतंगामागे पळणारी पोरं, आणि पुन्हा पुन्हा ते वल्हं. खेळ संपला, दिवे लागले, लोक चपला शोधायला लागले, तरी मला उठवेना. मी तेव्हा माहितीपटांची निवेदनं लिहून पोट भरत होते.

त्या कामाची रीत सांगते. माहितीपट जवळजवळ तयार झाला की मला बोलावणं यायचं. संकलकाच्या खोलीत बसून सेकंद मोजायचे. १२ सेकंदांचं दृश्य असेल तर साधारण २५ शब्द बसतात. वाचणाऱ्याला श्वास घ्यायला जागा ठेवायची, जोडाक्षरं फार लागोपाठ आणायची नाहीत. आणि जिथे कुणी बोलत नाहीये, नुसता जागेचा आवाज आहे, तिथे दिग्दर्शक हमखास म्हणायचे, “इथं रिकामं वाटतंय, काहीतरी टाका.” मी टाकायचे. मला ते चांगलं जमायचं.

ही सवय आमच्या पिढीला लहानपणीच लागलेली. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं, आणि पुढे कित्येक वर्षं थिएटरात मुख्य चित्रपटाआधी त्यांचा वार्तापट किंवा माहितीपट लागायचाच. धरण असो, नृत्य असो, पूर असो, सगळ्यावर एक भारदस्त आवाज पसरलेला असे. आपला देश कसा आहे हे आम्हाला त्या आवाजाने सांगितलं. त्याच संस्थेसाठी एस. सुखदेव यांनी ‘इंडिया ६७’ निवेदनाशिवाय केला होता, हे मला फार उशिरा कळलं. लहानपणी तो बघायला मिळाला असता तर कदाचित मी वेगळी लिहिणारी झाले असते.

गार्डनर यांच्याबद्दल मग मिळेल ते वाचत, बघत गेले. हार्वर्डच्या पीबडी म्युझियममध्ये १९५७ साली त्यांनी फिल्म स्टडी सेंटर सुरू केलं. १९६१ साली ते एक तुकडी घेऊन न्यू गिनी बेटाच्या पश्चिम भागात, बालिएम खोऱ्यातल्या दानी लोकांत जाऊन राहिले. ध्वनिमुद्रणाचं काम त्या तुकडीत मायकेल रॉकफेलर या तेविशीतल्या तरुणाकडे होतं. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात तो अस्मात किनाऱ्यावर नाहीसा झाला, आणि त्याच्या नाहीशा होण्याविषयीच इतकं लिहिलं गेलं की त्याने टिपलेल्या आवाजांचा विषय मागेच पडला.

त्या मुक्कामातून ‘डेड बर्ड्स’ तयार झाला. त्यात निवेदन आहे, स्वतः गार्डनर यांच्या आवाजातलं, आणि ते फार सुरेख लिहिलेलं आहे. वेयाक नावाचा योद्धा आणि पुआ नावाचा मुलगा, यांच्या मनात त्या त्या वेळी काय चाललंय तेही ते आपल्याला सांगतं. मी ते ऐकताना दर दोन मिनिटांनी मनात म्हणत होते, किती छान वाक्य! आणि मग लक्षात आलं की मी गार्डनर यांना ऐकतेय. पुआ डुकरं राखत बसलाय, आणि त्याचं मन एका अमेरिकन माणसाच्या आवाजात माझ्यापर्यंत पोचतंय.

तिथपासून ‘फॉरेस्ट ऑफ ब्लिस’पर्यंत पंचवीस वर्षं जातात. मधे इथिओपियातल्या हमर लोकांवर, नायजरमधल्या बोरोरो फुलानींवर त्यांनी चित्रपट केले. आणि काशीत येईतो हा माणूस गप्प झालेला असतो. इतकं चांगलं लिहिता येत असताना गप्प बसायचं, याला काय लागतं ते मी कल्पनेने जाणू शकते.

अख्ख्या चित्रपटात समजावल्यासारखं वाटेल असं एकच वाक्य आहे, तेही फक्त लिहिलेलं. नदीपलीकडच्या वाळूवर कुत्र्यांची झुंज चाललेली असते, एका कुत्र्याला बाकीची फाडत असतात, आणि त्यानंतर पडद्यावर बृहदारण्यक उपनिषदातलं वचन येतं: या जगात सगळं एक तर खाणारं आहे नाहीतर खाल्लं जाणारं. ‘एतावद्वा इदं सर्वमन्नं चैवान्नादश्च.’ ते घेतलंय कवी येट्स यांच्या इंग्रजी उपनिषदांतून, आणि ते भाषांतर येट्स यांनी श्री पुरोहित स्वामींच्या जोडीने केलेलं. हे पुरोहित स्वामी म्हणजे आपल्या अमरावतीजवळच्या बडनेऱ्याचे. मला हे समजलं तेव्हा उगाचच घरचं कुणी भेटल्यासारखं झालं. बडनेऱ्याच्या माणसाने आयरिश कवीला समजावून दिलेलं वचन, अमेरिकन माणसाच्या चित्रपटात, काशीच्या कुत्र्यांच्या भुंकण्यापाठोपाठ.

पुढे हा चित्रपट मी आईबरोबर पाहिला, घरी, लॅपटॉपवर. आई तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती. सुरुवातीलाच एक माणूस बांबू तासून शिडीसारखं काहीतरी बांधत असतो. बांबू चिरल्याचा आवाज, मग दोरी आवळल्याचा. परदेशातल्या प्रेक्षकाला ती शिडी कशासाठी हे बराच वेळ कळत नाही. गार्डनर यांनी ते मुद्दामच लांबवलंय. आई भाजी निवडत होती, पडद्याकडे बघतही नव्हती. बांबूचा आवाज ऐकून म्हणाली, “तिरडी बांधतायत का?”

मी चित्रपट थांबवला. तिला विचारलं, कसं कळलं? तर म्हणाली, “असे आवाज सकाळी सकाळी दुसऱ्या कशाचे येणार?” आमच्या गल्लीत कुणी गेलं की खालच्या चौकात बांबू यायचे, तो आवाज तिने पन्नास वर्षं स्वयंपाकघरातून ऐकलेला. ती कधी खाली जाऊन बघायची नाही. बायकांनी जायचं नसे. तिला मरणाची तयारी आवाजानेच माहीत होती.

मग मिठाईलाल आला. चित्रपटात ज्या तिघांभोवती आपण जास्त वेळ असतो त्यांतला हा एक. लोकांचं दुखणंखुपणं बघणारा, देवाचं वारं येणारा म्हातारा. पहाटे तो घाटाच्या पायऱ्या उतरून गंगेवर जातो आणि पावलागणिक कण्हतो. ते कण्हणं गार्डनर यांनी इतकं मोठं ठेवलंय की त्याच्या छातीशी कान लावल्यासारखं वाटतं. मी त्यात शरीर आणि श्रद्धा आणि काय काय शोधून ठेवलं होतं. आई म्हणाली, “गुडघे गेलेत बिचाऱ्याचे. पायऱ्या केवढाल्या आहेत.” मी माझी शोधाशोध बाजूला ठेवली. गुडघे दुखत असताना रोज पहाटे त्या पायऱ्या उतरायच्या हीच त्याची श्रद्धा असणार. निवेदनात ‘नित्यनेम’ लिहून मी मोकळी झाले असते.

ज्यांनी हे काम जवळून पाहिलेलं नाही त्यांना वाटतं, कॅमेरा लावला की आवाज आपसूक येतो. १६ मिलिमीटर फिल्मच्या काळात तर चित्र एका यंत्रात आणि आवाज दुसऱ्या यंत्रात. आवाजाचं यंत्र बहुधा नाग्रा असायचं. स्टेफान कुडेल्स्की या पोलिश माणसाने स्वित्झर्लंडमध्ये बनवलेलं. नाग्रा या पोलिश शब्दाचा अर्थच ‘टिपून ठेवील’. खांद्याला अडकवून हिंडायचं, आणि मायक्रोफोन कुठे धरायचा हे दर क्षणी ठरवायचं. होडी लांब दिसतेय आणि वल्हं कानाशी करकरतंय, म्हणजे कुणीतरी त्या फासाशी मायक्रोफोन धरून बसलं होतं, आणि संकलनाच्या टेबलावर कुणीतरी ठरवलं की डोळे काठावर ठेवायचे आणि कान होडीत. लाकूड फोडल्याचा आवाज आधी येतो, लाकूड मागून दिसतं. ओंडके काट्यावर पडल्याचा धप्प आवाज झाला की चितेचं लाकूड तोलून विकतात हे कुणी न सांगता कळतं, आणि तोललं म्हणजे त्याचा भाव असणार हेही.

आता एक कबूल करते. या चित्रपटावर टीका झाली आणि त्यातली काही मला पटते. जोनाथन पॅरी या ब्रिटिश मानववंशशास्त्रज्ञाने काशीतल्या अंत्यविधींचा वर्षानुवर्षं अभ्यास केला होता. त्यांचं म्हणणं असं की ज्याला त्या जगाची माहिती नाही, त्याच्या हाती यातून फार काही लागणार नाही. डोमराजाच्या, म्हणजे चिता सांभाळणाऱ्या डोमांच्या प्रमुखाच्या, दृश्यात मला हे खुपतं. चितेसाठीचा अग्नी त्याच्याकडून घ्यावा लागतो, त्यावर घासाघीस चालते, आवाज चढतात. आपल्याला शब्द कळतात म्हणून आपण निभावतो. ज्याला कळत नाहीत त्याला एक दांडगा, ओरडणारा म्हातारा दिसेल, बस. डोमांना पिढ्यानपिढ्या अस्पृश्य मानलं, आणि मुक्तीला लागणारा अग्नी मात्र त्यांच्याच हातचा, हा पेच त्या चढलेल्या आवाजात ऐकू येत नाही. जात पुष्कळदा ऐकू येते, कुणाला कुणी ‘तू’ म्हणतं आणि कुणाला ‘आप’ यात ती असते. पण ते ऐकायला भाषा लागते. तिथे खाली दोन ओळी दिल्या असत्या तर काही बिघडलं नसतं असं माझं मत आहे. चित्रपटावर जीव असूनही आहे.

तरीही मी गार्डनर यांच्या बाजूने झुकते, याचं कारण तांबट आळीत आहे.

कसब्यातली तांबट आळी पुण्याच्या लोकांना सांगायला नको. पेशवाईत कोकणातून आलेल्या त्वष्टा कासारांची वस्ती. बंब, घंगाळं, हंडे, कळश्या इथे ठोकून घडल्या. हा चित्रपट पाहण्याच्या दोनेक वर्षं आधी एका संस्थेसाठी आळीवर २० मिनिटांचा माहितीपट झाला, त्याचं निवेदन माझं होतं. एरवी मी थेट संकलनाला जायचे, पण घर जवळ होतं म्हणून त्या वेळी चित्रीकरणालाही गेले.

एका कारखान्यात काका मठारकाम करत होते. जमिनीवर बसलेले, पुढे लोखंडी खुंट, त्यावर उपडं घातलेलं घंगाळं, डावा हात ते किंचित किंचित फिरवतोय आणि उजव्या हातातली हातोडी एका लयीत पडतेय. प्रत्येक घावाचा एक छोटा चकचकीत ठसा, त्याच्या शेजारी दुसरा, त्याच्या शेजारी तिसरा. नजर भांड्यावर म्हणावी तर तशी नव्हती. ते समोरच्या भिंतीकडे बघत होते.

ध्वनिमुद्रकाने हेडफोन लावले, हात वर केला आणि म्हणाला, “एक मिनिट जागेचा आवाज घेतो, कुणी बोलू नका.” काकांनी हातोडी खाली ठेवली. शेजारच्यांनीही ठेवली. आतल्या खोलीतला ठोकाही थांबला. सगळे आमच्याकडे बघत राहिले.

“अहो, तुम्ही नका थांबू,” तो म्हणाला. “तुमचाच आवाज हवाय.”

काका म्हणाले, “आजवर जे आले ते थांबवायलाच आले.”

आले ते सगळे मुलाखत घ्यायला आलेले. मुलाखतीच्या आड येतो म्हणून ठोकणं बंद करायला लावायचे, आणि मग ठोकण्याबद्दल प्रश्न विचारायचे. त्या दिवशी ध्वनिमुद्रकाने चाळीस मिनिटं आवाज घेतला. मी संकलनाच्या खोलीत गेले तेव्हा तो सगळा होता तिथे. आणि मी त्यावर लिहिलं: ‘हातोडीच्या तालावर इथे नांदते आहे शतकांची परंपरा.’ वाक्य ऐकू यावं म्हणून ठोक्यांचा आवाज खाली नेला, बासरी वर आणली. तेव्हा कुणालाच, मलाही, त्यात काही वावगं दिसलं नाही.

माहितीपट आळीतल्या लोकांना दाखवला. टाळ्या झाल्या, चहा झाला. निघताना काका म्हणाले, “छान झालंय, ताई. पण आमचा आवाज बारीक का केलात?”

मी काहीतरी उत्तर दिलं. काय दिलं ते आठवत नाही, आणि ते बरंच आहे.

‘फॉरेस्ट ऑफ ब्लिस’ पाहून घरी जाताना डोक्यात वल्ह्याचा आवाज होता, आणि त्याच्या मागे काकांचं ते वाक्य.

मधे आईला घेऊन काशीला जाऊन आले. मणिकर्णिकेवर अहिल्याबाईंचं नाव निघालं, शिंदे घाट, भोसले घाट पाहिले, आपल्याकडची माणसं किती पिढ्यांपासून इथे येतायत याचं आईला अप्रूप वाटलं. मी वल्ह्याची होडी शोधत होते. आता बहुतेक होड्यांना इंजिनं आहेत, अलीकडे तर ती सीएनजीवर चालतात. डिझेलच्या धुराचा त्रास गेला, नावाड्याच्या खांद्यांचाही गेला, त्याबद्दल तक्रार करण्याचा मला काही हक्क नाही. एक वल्ह्याची होडी मिळाली शेवटी. तिला दोराच्या फासाऐवजी लोखंडी कडी होती. आवाज वेगळा होता, ठक आणि मग पाणी, ठक आणि मग पाणी.

परत आल्यावर तांबट आळीत गेले. या वेळी माहितीपट नव्हता, पैसे देणारं कुणी नव्हतं. त्याच ध्वनिमुद्रकाला विनंती केली, तो यंत्र घेऊन आला. आम्ही तीन सकाळी नुसते बसून होतो.

तिसऱ्या सकाळी मी विचारलं, “काका, तुम्ही ठोकताना भिंतीकडे का बघता?”

“ऐकायला,” ते म्हणाले. मग त्यांनी दाखवलं. तांबं ठोकत गेलं की ताठ होत जातं. नरम पत्र्यावर घाव बद्द पडतो, जसा जसा पत्रा ताठेल तसा आवाज खणखणीत होत जातो. एका हद्दीपर्यंत ते हवं असतं, मठारण्याने भांड्याला ताकद येते ती त्यामुळेच. पण घडाईत त्या हद्दीच्या पुढे ठोकलात तर पत्रा चिरतो. म्हणून आवाज तिथे पोचला की थांबायचं, भांडं भट्टीत लाल करायचं, पाण्यात बुडवायचं, ते पुन्हा नरम झालं की पुन्हा सुरू. डोळ्यांना यातलं काही दिसत नाही. त्यांनी दोन तुकडे घेतले, एक तापवून निववलेला, एक ठोकून ताठलेला, आणि दोन्हींवर एकेक घाव घातला. मला फरक कळला. मग म्हणाले, “आता मधले ओळखा,” आणि आणखी चार तुकड्यांवर घाव घातले. मला एकही ओळखता आला नाही.

माझ्या २५ शब्दांत हे बसलं असतं का? माहिती म्हणून बसलं असतं. आत्ता इथे लिहिलंच की. पण ते चार तुकडे मला ओळखता आले नाहीत, आणि तिथे त्यांच्यासमोर बसून ते न ओळखता येणं, यात तांबटकामाबद्दल जे मला कळलं, ते मी वाक्यात घातलं असतं तर प्रेक्षकाला आपल्यालाही कळलं असं वाटलं असतं. हल्ली मी निवेदन लिहिते ते सगळ्यात शेवटी, आधी सगळा आवाज डोळे मिटून ऐकून. जिथे ऐकून कळत नाही आणि न कळल्याने त्या माणसावर अन्याय होईल, तिथेच लिहिते. डोमराजासाठी लिहिलं असतं. वल्ह्यासाठी एक अक्षर लिहिलं नसतं.

निघायच्या आधी ध्वनिमुद्रकाने काकांना हेडफोन दिले. काकांच्या उजव्या कानाने कमी ऐकू येतं. आयुष्यभर हातोडी त्याच बाजूला. त्यांनी डावीकडचा भाग हाताने कानावर दाबून धरला आणि भिंतीकडे बघत बसले. आदल्या दिवशीचं मुद्रण होतं, त्यांच्या पुतण्याने केलेल्या कामाचं. आम्हाला वाटलं, मिनिटभर ऐकतील आणि बरं झालंय म्हणतील. ते ऐकतच राहिले. चहा आला, तो तसाच राहिला. पाचव्या की सहाव्या मिनिटाला त्यांनी बोट वर केलं.

“इथं,” ते म्हणाले. “इथं थांबायला हवं होतं त्यानं. तापवायची वेळ झाली होती.”

ध्वनिमुद्रकाने मागे नेऊन तो तुकडा पुन्हा लावला. काकांनी मान हलवली, हेडफोन काढून माझ्या हातात दिले, आणि आतल्या खोलीकडे तोंड करून पुतण्याला हाक मारली, “कालचं ते घंगाळं आण रे जरा.”

त्याने आणलं. काकांनी ते उपडं घातलं, काठाजवळ अंगठा फिरवत नेला, आणि एका जागी थांबवला. केसाएवढी चीर होती.